बुटातले गोठलेले वाटाणे

डेल्विनने नोलीनच्या जॅकेटच्या दोन्ही बाह्या मनगटाशी शिवून बंद करून टाकल्या होत्या. मुद्दाम. दुहेरी टाके घालून, वरून पाणी न शिरणारी पट्टी चिकटवून. नोलीनने जॅकेट अंगात चढवलं, हात बाह्यांत घातले, ते पलीकडून बाहेर आले नाहीत, तेव्हा तिने एकदा खाली पाहिलं आणि काही न बोलता ती बाकीच्यांच्या मागे जाऊन उभी राहिली. मग सगळी मंडळी भर पावसात नदीकाठाने फिरून आली. नोलीन वाटेत दोनदा चिखलात पडली, कारण तोल सावरायला हात नव्हते. परतल्यावर बेव्हनने तिला चहा पाजला आणि चीजचा स्कोन मोडून एकेक घास तोंडात भरवला. त्यालाही त्यात काही वावगं वाटलेलं दिसलं नाही.

"कसं वाटलं जॅकेट?" डेल्विनने विचारलं.

नोलीनने विचार केला. बाईची उभी हयात शाळेत शिकवण्यात गेली होती, उत्तर देण्याआधी विचार करायची तिला सवय होती.

"वाईट नाही," ती म्हणाली. "मनगटाशी थोडं घट्ट आहे. पण वारा अजिबात शिरत नाही हं."

"नोलीन, तुझे हात बाहेर येत नाहीयेत."

"हो, ते आलं माझ्या लक्षात. होईल सवय."

डेल्विनने कपाळावर हात मारून घेतला. ती स्वतः होकिटिका गावचीच, याच पावसात वाढलेली, तिला खरं म्हणजे याचं नवल वाटायला नको होतं. या किनाऱ्यावरचा माणूस एक वेळ बुडेल, पण पाणी जास्त आहे असं म्हणणार नाही. फार तर म्हणेल, थोडं ओलं आहे.

हे सगळं सुरू झालं ते ग्रँटमुळे. ग्रँट हा कारखान्याचा मालक. डोंगरात जाणाऱ्यांसाठी जॅकेटं, तंबू, बूट, झोपायच्या पिशव्या असं सगळं त्याच्याकडे बनायचं आणि त्याचे आराखडे डेल्विन करायची. माल दणकट. कापडावर पाण्याचा फवारा सोडायचा, आत किती झिरपलं ते बघायचं, बूट यंत्रात घालून वाकवायचे, झाली परीक्षा. असं वर्षानुवर्षं चाललं होतं. मग ग्रँट माल घेऊन जर्मनीतल्या एका प्रदर्शनात गेला आणि तिथे त्याची चांगलीच फजिती झाली. तिथल्या व्यापाऱ्यांनी जॅकेट हातात घेतलं, डोळे मिटले, बाही कानाशी नेऊन कापडाचा आवाज ऐकला, अस्तर हुंगून पाहिलं. एकाने तर चेनचं टोक जिभेला लावून बघितलं. आणि मग विचारलं, की या जॅकेटच्या आत माणसाला काय जाणवतं?

"आत?" ग्रँट म्हणाला होता. "आत माणूस असतो."

परत आल्यावर त्याने डेल्विनला बोलावून घेतलं. "आता आपण ज्ञानेंद्रियांचा विचार करायचा," तो म्हणाला. हा शब्द त्याने विमानात पाठ केला असावा. "कान, नाक, डोळे, जीभ, कातडी. टोपी ओढल्यावर सोबत्याची हाक ऐकू येते का? चेन ओठाला गार लागते का? लोकांना विचार. ते सांगतील तसं आपण बदलू."

"लोक सांगतील?" डेल्विन म्हणाली. "आपले लोक?"

दोघांनाही उलट्या टोप्यांचा तो हिवाळा आठवला. कारखान्यात काहीतरी घोटाळा होऊन त्या वर्षी सगळ्या जॅकेटांना टोप्या पुढच्या बाजूने शिवल्या गेल्या होत्या. वर ओढली की टोपी थेट तोंडावर यायची. हिवाळाभर माल खपला. एकही जॅकेट परत आलं नाही. एका मेंढपाळाने कात्रीने डोळ्यांपुरती दोन भोकं पाडून घेतली. दुसरे एक गृहस्थ दुकानात येऊन उलट आभार मानून गेले, की आता तोंडावर पाऊस येत नाही.

पण विचारायला तर हवंच होतं. डेल्विनने गुरुवारकरांना धरलं. गावातली ही निवृत्त मंडळी दर गुरुवारी डोंगरात जायची, पाऊस असो नसो, म्हणजे पाऊस असताना. नोलीन त्यातली म्होरकी. बेव्हन पूर्वी रस्त्यांवरचे पूल बांधायचा, आता फक्त त्यांना नावं ठेवायचा. आणखी दोघंतिघं होते. आणि डेल्विनचा बाप, मर्व.

खरं सांगायचं तर डेल्विनला त्या जर्मनांचं सोयरसुतक नव्हतं. तिला काळजी होती ती या मर्वची.

मर्व ऐंशीला टेकला होता. दर वर्षी हिवाळ्याच्या तोंडाशी तो एकटा दरीत वर जायचा, मॅडिगनच्या केबिनमध्ये. तिथे राहून लाकडं फोडायची, केबिनचा कोपरा छतापर्यंत भरायचा, म्हणजे हिवाळ्यात जो कुणी अनोळखी भिजून तिथे पोचेल त्याला शेकोटी मिळेल. हे त्याला कुणी सांगितलेलं नव्हतं, आणि थांब म्हणायची कुणाची छातीही नव्हती. वाट नदीतून जायची, एकदा नाही, पुन्हा पुन्हा. आणि नदी ओलांडताना बूट काढायचे नसतात. बुटांसकट पाण्यात शिरायचं, बुटांसकट बाहेर यायचं आणि पचपच आवाज करत पुढे चालायचं, अशीच इथली रीत. पाणी थेट हिमनदीतून येणारं. त्यात पाय किती गारठलेत, दगडावर टेकलेत की घसरतायत, हे ज्याचं त्याला कळावं लागतं.

आणि मर्वला ते कळतं की नाही, हेच डेल्विनला कळत नव्हतं.

एका रविवारी ती त्याच्याकडे जेवायला गेली होती. मर्व हीटरपुढे पाय पसरून बसला होता. खोलीत जळकट वास सुटला होता.

"बाबा, तुझा मोजा जळतोय!"

मर्वने वाकून पाहिलं. अंगठ्यापाशी मोज्याला काळं भोक पडलं होतं. "अरे हो की," तो म्हणाला. "म्हणजे हीटर चांगला चालतोय."

"तुला कळलं नाही?"

"कळलं ना."

"मग पाय मागे का नाही घेतलास?"

"ऊब होती गं," मर्व म्हणाला, आणि त्याने व्हाइटबेटच्या बारक्या माशांचं धिरडं उलटायला स्वयंपाकघराची वाट धरली. चालताना तो पावलांकडे बघत होता. दारातून जाताना त्याने चौकटीला हात लावला.

तिने त्याला डॉक्टरकडे नेलं. पण डॉक्टरही इथलाच.

"पाय बरे आहेत ना, मर्व?"

"वाईट नाहीत."

"छान," डॉक्टर म्हणाला, आणि मग दोघं रग्बीच्या पंचाला शिव्या देत बसले. डेल्विन म्हणाली, की तुम्ही जरा तपासून तर बघा. डॉक्टरने तिच्याकडे असं पाहिलं, जणू तिने मर्वला भर बाजारात पॅन्ट उतरवायला सांगितलं होतं. माणूस स्वतः बरा आहे म्हणतोय, त्यावर आणखी काय विचारायचं?

मर्व महिनाअखेरच्या शनिवारी निघणार होता. तोपर्यंत त्याच्या तोंडून खरं काढायचं, हा डेल्विनचा बेत. गुरुवारकरांतल्या एकाकडून जरी साधी तक्रार वदवून घेता आली, तरी युक्ती सापडेल आणि मग तीच बापावर चालवता येईल, असा तिचा हिशोब होता. नोलीनच्या बाह्या शिवणं ही त्याची सुरुवात होती.

बाह्यांनी काही साधलं नाही, तेव्हा ती नाकाकडे वळली. बेव्हनला नवी झोपायची पिशवी दिली आणि तिच्या तळाशी, अस्तराच्या आत, एक मेलेला मासा शिवून टाकला. मासा तीन दिवस उन्हात ठेवलेला होता, आणि होकिटिकात तीन दिवस ऊन मिळवणं ही काही सोपी गोष्ट नव्हे. बेव्हन त्या पिशवीत अंगणात झोपला. शेजारच्यांनी खिडक्या लावून घेतल्या. सकाळी किनाऱ्यावरचे निम्मे पक्षी त्याच्याभोवती गोळा झाले होते.

"समुद्राजवळ असल्यासारखं वाटलं," बेव्हन म्हणाला. "वाईट नाही."

मग कान. एक पॅन्ट तिने अशा कापडाची शिवली की पाऊल टाकलं की ती कोंबडीसारखी किंचाळायची. बेव्हनने ती घालून गावभर फेरफटका मारला. कुत्री मागे लागली. बँकेतल्या बाईच्या हातातून कप पडला. "एकट्यानं चालताना सोबत होते," बेव्हनने सांगितलं. दुसऱ्या दिवशी तो विचारायला आला, की ही पॅन्ट विकत मिळेल का.

शेवटी ती पायांवर आली. दुकानातून गोठलेल्या वाटाण्यांच्या पिशव्या आणल्या आणि गुरुवारी सकाळी, मंडळी कारखान्याशेजारच्या गावच्या हॉलमध्ये चहा पीत होती तेव्हा, बाहेर ओळीने ठेवलेल्या सगळ्यांच्या बुटांत ते ओतले. सगळ्यांच्या, कारण नुसत्या मर्वच्या बुटात घातले असते तर बोभाटा झाला असता. मंडळींनी बूट चढवले. कुणाच्या चेहऱ्यावरची सुरकुतीही हलली नाही. पुलापर्यंत जाऊन आली.

"पायांना ताजंतवानं वाटलं," नोलीन म्हणाली. बेव्हनची पावलं जांभळी पडली होती, दात वाजत होते. "व्-व्-वाईट नाही," तो म्हणाला.

डेल्विन जिवाचा कान करून मर्वची वाट बघत होती. मर्वने बूट काढला, उलटा केला. अर्धवट चेपलेले वाटाणे लाकडी जमिनीवर घरंगळले.

"अरे, वाटाणे," मर्व म्हणाला. वाकून त्याने चांगले चांगले निवडले. "सूपात चालतील."

"कसं वाटलं, बाबा?"

"वाईट नाही."

डेल्विन उठून कापडाच्या कोठारात गेली आणि तिथल्या एका गठ्ठ्याला तिने सणसणीत लाथ घातली. ज्याला जाणवतंय पण जो सांगत नाही, आणि ज्याला जाणवतच नाही, ते दोघे वरून अगदी सारखे दिसतात. यांच्या शहाणपणाने आपला बाप त्या नदीत मरणार, आणि नंतर त्याच्या प्रेतावर फुलं ठेवताना ही मंडळी म्हणणार, की थोडा घसरला बिचारा. तिला रडू फुटलं. मग दारावर टकटक झाली, तेव्हा तिने डोळे पुसले आणि बाहेर येऊन, धूळ गेली डोळ्यात, असं सांगितलं. त्यावर कुणी काही विचारलं नाही.

मर्व निघायच्या आधीचा शेवटचा गुरुवार उजाडला, तेव्हा तिच्यापाशी एकच इलाज उरला होता. माणूस बोलत नाही ना, मग कोटच बोलेल. तिने एका कोटाच्या अस्तरात थंडी आणि ओल ओळखणारी यंत्रं बसवली आणि कॉलरीत छोटा भोंगा. आवाज ग्रँटचा, तो मुळातच किनरा. थंडी एका मर्यादेखाली गेली की कोट ओरडायचा, "मला थंडी वाजतेय!" पाणी झिरपलं की, "पाठ भिजली माझी!" हे काही मर्वच्या पायांचं उत्तर नव्हे, हे तिला पक्कं ठाऊक होतं. गार किती आहे ते यंत्राला कळतं, कुणाला ते जाणवतंय का हे कळत नाही. पण निदान या लोकांच्या कानावर एकदा तरी तक्रारीचा शब्द पडेल, जरा भीड चेपेल, एवढीच तिला आशा होती.

कोट बेव्हनला दिला. नदीकाठी वारा सुटला होता.

"मला थंडी वाजतेय!" कोट कळवळला.

बेव्हनचा चेहरा लालेलाल झाला. समोरून एक बाई कुत्रं घेऊन येत होती, तिला तो म्हणाला, "माफ करा हं, नवीन आहे." कोट थांबेना. "पाठ भिजली! मला घरी न्या!" बेव्हनने कॉलर मुठीत आवळली, दोन चापट्या मारल्या, आणि तरीही तो गप्प बसेना, तेव्हा लाजेने मेल्याहून मेल्यासारखं होऊन त्याने तो काढला आणि घडी घालून काखेत मारला. स्वतः बनियनवर पावसातून चालत राहिला. काखेतून कोट ओरडतच होता, की मला थंडी वाजतेय.

हॉलमध्ये आल्यावर बेव्हनने कोट बाहेर खुंटीला टांगला आणि दार लावून घेतलं. तो दाराआडूनही ओरडत राहिला. ग्रँट धावत आला, कारण स्वतःचाच आवाज अंगणातून "मला घरी न्या" म्हणतोय हे ऐकून तो घाबरला होता.

"बंद करा ते रडगाणं!" नोलीन एकदम कडाडली. मुलांना घाबरवायचा जुना आवाज होता तो. "सगळे त्या मेल्या कोटाची चौकशी करताय, आणि इकडे बेव्हनकडे बघायला कुणाला वेळ नाही. ओठ निळे पडलेत त्याचे! दोन वर्षं उजवा खांदा दुखतोय बिचाऱ्याचा, कारण पाठपिशवीचा पट्टा हाडावर बसतो. त्या टोपीत त्याला डाव्या कानानं काही ऐकू येत नाही, मी हाका मारून मारून घसा बसवून घेते. आणि त्या माशाच्या वासानं त्याला आठवडाभर जेवण गेलं नव्हतं."

"नाही गं, तसं काही..." बेव्हन पुटपुटला.

डेल्विनच्या हातातली किटली तशीच राहिली. "नोलीन," ती हळूच म्हणाली, "आणखी काय होतंय बेव्हनला?"

पण आता बेव्हनला चेव आला होता. "मी सांगू का मग हिचं?" तो म्हणाला. "चेनचं ते धातूचं टोक हिच्या ओठाला लागतं. थंडीत ओठ सोलून निघतो. तंबूच्या आतल्या पिवळ्या रंगानं हिचं डोकं चढतं, सकाळी उठली की कुणाशी बोलत नाही. आणि बाह्या शिवल्या होत्यास ना तू, त्या दिवशी ही घरी जाऊन रडली."

"मुळीच रडले नाही."

"डोळ्यांतून पाणी येत होतं तुझ्या!"

"कांदा चिरत होते मी."

"कशानं? हात जॅकेटमध्ये होते तुझे!"

मग काय, बांध फुटला. स्वतःबद्दल हूं की चूं न करणारी ही माणसं एकमेकांबद्दल मात्र सगळं जाणून होती. कुणाच्या टाचेला कुठली शिवण घासते, कुणाला अस्तराच्या रबरी वासाने मळमळतं, कुणाला टोपीवर पडणाऱ्या पावसाच्या आवाजात झोप लागत नाही, सगळं. स्वतःचं रडगाणं गाणं म्हणजे लाज. पण दुसऱ्याचं दुःख सांगणं ही माणुसकी, त्याला ना नाही. ग्रँट दारात उभा राहून, बोला बोला, थांबू नका, म्हणत होता. जर्मनांना हवं होतं ते सगळं एका चहात बाहेर आलं.

डेल्विनला ते ऐकू येत होतं आणि नव्हतंही.

"आणि मर्वचं?" तिने विचारलं.

सगळे आपापल्या कपात बघायला लागले. मर्व खिडकीपाशी बसला होता. त्याने चहात बिस्किट बुडवलं होतं, ते मऊ होऊन आत पडलं तरी तो बोटं तशीच धरून होता.

"नोलीन?"

"मर्वने सांगू नका म्हटलंय."

"कधी म्हटलं?"

"म्हटलं असं नाही काही. नुसतं बघितलं." नोलीनने मर्वकडे पाहिलं, मग डेल्विनकडे. उत्तर देण्याआधी तिने या वेळीही विचार केला, पण बराच वेळ. "तो माझ्या मागून चालतो, पोरी. मी पाऊल ठेवते तिथेच पाऊल ठेवतो. कळत नाही ना कुठे टेकतंय ते, म्हणून बघून टाकतो. नदीत माझ्या पाठपिशवीचा पट्टा धरतो. ईस्टरच्या आधी आम्ही नदी ओलांडली, तेव्हा पलीकडे आला तो एकाच बुटावर. दुसरा पाण्यानं ओढून नेला होता. आणि तो चालत राहिला. दगडगोट्यांवरून, नुसत्या मोज्यानं. मोजा फाटला, रक्त यायला लागलं, तरी हा आपला चालतोय आणि मला कुठल्याशा पक्ष्याबद्दल काहीतरी सांगतोय."

"मी धावत जाऊन बूट आणला," बेव्हन म्हणाला. "झुडपात अडकला होता."

"आणि मग?" डेल्विनचा आवाज चढला. "काय म्हणालात तुम्ही त्याला?"

"मग आम्ही म्हटलं, मर्व, तुझ्या बुटाची नाडी सुटलीय."

डेल्विनच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "तुम्हाला सगळ्यांना माहीत होतं?"

"अगं, गावाला माहीत आहे," बेव्हन मायेने म्हणाला. "म्हणून तर त्याला बसायला पुढची जागा देतात सगळे."

"पाण्याला ओढ होती त्या दिवशी," मर्व खिडकीबाहेर बघत म्हणाला. "शनिवारी कमी असेल."

"बाबा, मला भीती वाटतेय."

कुणाच्या तरी हातातला चमचा खाली पडला. या हॉलमध्ये लग्नं झाली होती, शोकसभा झाल्या होत्या, एकदा पुराच्या वेळी अर्धं गाव इथे छपरापर्यंत पाणी येईल म्हणून बसून होतं, पण हे वाक्य इथे कुणी उच्चारलं नव्हतं. ग्रँट छताकडे बघायला लागला. डेल्विनचा चेहरा तापला, आता आपण काय बोलून बसलो असं तिला झालं, पण शब्द परत घेता येत नव्हते, आणि तिला घ्यायचेही नव्हते.

"तू त्या पाण्यात गेलास तर परत येणार नाहीस," ती म्हणाली. "मला भीती वाटते. रात्री झोप येत नाही मला."

नोलीन उठली. "कप विसळायला हवेत," ती म्हणाली. सगळेच उठले. मूठभर कपांसाठी सहा माणसं स्वयंपाकघरात घुसली आणि आतून नळाचा आवाज सुरू झाला. जन्मात कधी कप न विसळलेला ग्रँटही फडकं घेऊन आत गेला. जाता जाता त्याने बाहेरच्या कोटाचा आवाज बंद केला.

"उगाच घालवलंस सगळ्यांना," मर्व म्हणाला.

"बूट काढ, बाबा."

"कशाला?"

ती उत्तराची वाट न बघता त्याच्यापुढे जमिनीवर बसली आणि तिने नाड्या सोडल्या, मोजे ओढून काढले. एका अंगठ्याला भाजल्याचा डाग होता, तळव्याला ईस्टरची जखम, अजून नीट न भरलेली. तिने ॲप्रनच्या खिशातून कापडावर खुणा करायचा खडू काढला.

"डोळे मिट. मी दाबत जाईन. कळलं की हं म्हणायचं. आणि बाबा, आज खोटं बोलू नकोस."

मर्वने डोळे मिटले. स्वयंपाकघरात कुणीतरी तोच कप पुन्हा विसळत होतं. तिने अंगठा दाबला, मग एकेक बोट. तळव्यात नख रुतवलं. टाच दोन्ही हातांनी पिळली, घोट्याचं हाड चाचपलं. मर्व शांत बसून होता, शाळेत परीक्षेला बसल्यासारखा ताठ.

"कर की सुरू," तो म्हणाला.

डेल्विनने ओठ चावला. बोटं वर सरकवत नेली. घोट्याच्या वर, आणखी वर, पोटरी जिथे सुरू होते तिथे मर्वने हं म्हटलं. तिने तिथे पायाभोवती पांढरी रेघ ओढली, पॅन्टचा काठ दुमडायचा असला की ओढायची तशी. दुसऱ्या पायाला रेघ थोडी आणखी वर गेली.

मर्वने डोळे उघडले आणि वाकून त्या रेघांकडे पाहिलं.

"म्हणजे मी इथपर्यंतच," तो म्हणाला.

"हो, बाबा."

"खालचे गार आहेत?"

"बर्फ झालेत."

त्याने मान हलवली. हे त्याला आजवर कुणी सांगितलं नव्हतं, आणि त्यानेही कुणाला विचारलं नव्हतं. "मलाही वाटते," तो म्हणाला.

"काय?"

"तू मघाशी म्हणालीस ते. नदीत उतरलो की वाटते. पुढचा दगड आहे की नाही, तेच कळत नाही." "शनिवारी बेव्हनला जाऊ दे. लाकडं बारीक फोड म्हणावं. गाढव आहे तो, नुसते ओंडके रचून येतो, कुणाला पेटणार ते?"

डेल्विन हसली आणि त्याच दमात रडायलाही लागली. दोन्ही पावलं तिने मांडीवर घेतली होती, हातांत धरली होती, ऊब यावी म्हणून चोळत होती. मग नाक पुसायला आणि मोजे घ्यायला म्हणून ती उठू लागली, तर मर्व वाकला आणि त्याने तिचं मनगट धरलं.

"राहू दे हात," तो म्हणाला. "मला कळत नाहीयेत गं. पण राहू दे."